पाणी घालायच्या आधीच विरघळणारी पूड: आसिमॉव्हचं थायोटिमोलिन

बुडबुडा
नमस्कार मंडळी. आयझॅक आसिमॉव्ह इथे बहुतेकांनी वाचलेला असणार, पण त्याने १९४८ साली शोधनिबंधाचं सोंग घेऊन एक लेख लिहिला होता तो किती जणांना माहितीये? 'अस्टाउंडिंग सायन्स फिक्शन' मासिकाच्या मार्च १९४८ च्या अंकात आला होता, नाव 'द एण्डोक्रॉनिक प्रॉपर्टीज ऑफ रीसब्लिमेटेड थायोटिमोलिन'. त्यात गोष्ट अशी नाहीच. संवाद नाहीत, हिरो नाही. सरळ प्रस्तावना, प्रयोगाची मांडणी, तक्ते, आलेख आणि शेवटी संदर्भसूची, तीही अस्तित्वात नसलेल्या जर्नल्सची.

विषय असा की थायोटिमोलिन नावाचा एक पदार्थ आहे, 'रोझेशिया कार्ल्सबाडेन्सिस रुफो' नावाच्या झुडपाच्या सालीतून काढतात (झुडूपही अर्थातच बनावट), आणि तो पाण्यात इतका झटपट विरघळतो की पाणी पडायच्या १.१२ सेकंद आधीच विरघळून मोकळा होतो. भारी भाग पुढे आहे, पाणी घालणाऱ्याचं मन डळमळीत असेल, घालू की नको असं चाललं असेल, तर हा वेळ कमी होत होत शून्यावर येतो.

मी ज्युनियर कॉलेजात केमिस्ट्री शिकवतो त्यामुळे मला हे जरा जास्तच आवडलं असेल, पण माझं मत असं की काळाशी खेळ करणाऱ्या भल्याभल्या कादंबऱ्यांपेक्षा या मोजक्या पानांत जास्त प्रामाणिक काम आहे. इतर लोक यंत्र कसं चालतं ते सांगायला जातात आणि तिथेच फसतात, हा पठ्ठ्या काहीच समजावत नाही, फक्त मोजतो. तर प्रश्न दोन. यात काळाबद्दल खरोखरची काही थिअरी आहे की नुसती टिंगल? आणि पूड विरघळली, मी बघितलं, आणि मग पाणी घातलंच नाही तर?

उंडगा
पहिला!
आणि खाली निवांत जे म्हणणार आहेत त्याच्याशी शंभर टक्के सहमत.

तिखटजाळ
उंडगा, हसून हसून पुरेवाट 😂

बाकी बुडबुडा सर, यात नवीन काय ते कळलं नाही. आमच्याकडे बी.एस्सी.ला ऑक्झॅलिक ॲसिड आणि परमँगनेटच्या टायट्रेशनची (ब्युरेटमधून थेंब थेंब सोडून मोजायचा प्रयोग) रीडिंगं ब्युरेट भरायच्या आधीच जर्नलमध्ये असायची. तिन्ही. १०.२, १०.२, १०.३. तिसरं मुद्दाम थोडं वेगळं, म्हणजे खरं वाटतं. मागच्या वर्षीच्या बॅचचं जर्नल मिळालं की एण्डपॉइंट एक वर्ष आधी येतो, १.१२ सेकंदाचं काय घेऊन बसलात.

बुडबुडा
@तिखटजाळ, आता दुसऱ्या बाजूला उभा असतो म्हणून सांगतो, ते तिसरं १०.३ आम्हाला लगेच कळतं. सगळ्या वर्गाचं तिसरंच रीडिंग कसं काय वेगळं येतं?

सोनचाफा
मस्त धागा. यामागची हकीकत निबंधापेक्षा जास्त रंगतदार आहे, ती आसिमॉव्हने स्वतः बऱ्याच ठिकाणी लिहून ठेवलीये.

तो तेव्हा कोलंबिया युनिव्हर्सिटीत पीएच.डी. करत होता. प्रयोगात कॅटेकॉल नावाचं रसायन वापरायचा. त्याचे स्फटिक पाण्यावर पडले की पृष्ठभागाला लागता लागताच गायब व्हायचे, म्हणून याच्या डोक्यात आलं की अजून जरासे जास्त विद्राव्य असते तर पाण्याला शिवायच्या आधीच गेले असते. दुसरं म्हणजे थिसिस लिहायची वेळ जवळ आली होती आणि याला भीती होती की इतकी वर्षं कथा लिहून लिहून आपली भाषा फार सरळ झालीये, थिसिसला लागते तशी जड, अडखळणारी भाषा आता जमणार नाही. म्हणून सराव म्हणून हे लिहून काढलं. त्याच्या खऱ्या थिसिसचं नाव काढून बघा, टायरोसिनेज एन्झाइम कॅटेकॉलच्या ऑक्सिडेशनच्या वेळी कसं निष्क्रिय होतं त्याचं गतिशास्त्र, नाव एका दमात वाचून होत नाही. सराव कामी आला म्हणायचा.

संपादक कॅम्पबेलला त्याने सांगून ठेवलं होतं की टोपणनावाने छापा, माझी तोंडी परीक्षा आहे, डिपार्टमेंटमध्ये कोणी वाचलं तर म्हणतील हा रसायनशास्त्राची चेष्टा करतो. अंक आला तर त्यात ठळक अक्षरात आयझॅक आसिमॉव्ह! आणि डिपार्टमेंटमध्ये सगळ्यांनी वाचलं होतं. मे महिन्यात व्हायवा झाली, तासभर पिळून काढल्यावर शेवटी एका परीक्षकाने गंभीर चेहऱ्याने विचारलं, मिस्टर आसिमॉव्ह, थायोटिमोलिन या संयुगाच्या थर्मोडायनॅमिक गुणधर्मांबद्दल काय सांगाल? हा हसत सुटला, आवरेचना, बाहेर न्यावं लागलं. नापास करायचं असतं तर चेष्टा केली नसती हे त्याला तिथेच कळलं. पाच मिनिटांनी 'डॉक्टर आसिमॉव्ह' म्हणून हात मिळवले.

मेथीची_जुडी
काय नशीब एकेकाचं. आमच्या व्हायवाला एक्स्टर्नलने पहिला प्रश्न विचारला, जेवणाची व्यवस्था कुठे आहे.

कुंपणावरचा
मी जरा विरोधी सूर लावतो. मी हे वाचलंय आणि दोन पानांनंतर दमलो. एकच विनोद आहे आणि तो शीर्षकात संपतो. ज्याने केमिस्ट्रीचे पेपर वाचलेत त्यालाच हसू येणार, बाकीच्यांनी काय करायचं? थापेबाज पेपरच वाचायचा तर भौतिकशास्त्रज्ञ ॲलन सोकलचा १९९६ चा घ्या, क्वांटम ग्रॅव्हिटीवर शब्दांचे बुडबुडे (धागाकर्त्यांनी हलके घ्यावे) उडवले आणि 'सोशल टेक्स्ट' या जर्नलने खरा समजून छापला. त्यातून काहीतरी सिद्ध तरी झालं. आसिमॉव्हच्या लेखाने काय सिद्ध झालं? आणि हो, 'काळाची थिअरी' वगैरे त्यात काही नाही, धागाकर्ते भावनेच्या भरात वाहवलेत.

सोनचाफा
@कुंपणावरचा, सोकलला माणसं पकडायची होती. आसिमॉव्हने विज्ञानकथांच्या मासिकात छापलं, तिथे फसवायचं कोणाला? तरीही फसले म्हणा. त्यानेच लिहिलंय की न्यूयॉर्क पब्लिक लायब्ररीत लोक त्या संदर्भसूचीतली जर्नल्स मागायला जायचे आणि तिथले लोक वैतागायचे.

रात्रपाळी
ही सोय आता फुकटात झालीये. चॅटबॉटला संदर्भ विचारा, नसलेल्या जर्नलचा खंड, अंक, पान नंबर सगळं देतो. आमच्याकडे एका पोराने प्रोजेक्ट रिपोर्टला पंचवीस संदर्भ लावले होते, त्यातले निम्मे थायोटिमोलिनच्या शेल्फवरचे.

निवांत
मी काय म्हणणार होतो ते आता उंडगा यांनाच विचारा 😀

कुंपणावरचा यांच्या शेवटच्या वाक्याला हरकत. लेखात थिअरी नाही हे बरोबर, पण तो ज्या काळात लिहिला गेला तेव्हा हवेत काय चाललं होतं ते बघा. व्हीलर आणि फाइनमन या भौतिकशास्त्रज्ञांनी १९४५ साली एक पेपर छापला. विद्युतचुंबकीय लहरींच्या समीकरणांना दोन उत्तरं असतात. एकात लहर स्रोतातून निघाल्यावर पोचते, रिटार्डेड म्हणतात तिला. दुसऱ्यात स्रोत हलायच्या आधीच पोचते, ती ॲडव्हान्स्ड. पाठ्यपुस्तकात दुसरं उत्तर 'भौतिकदृष्ट्या निरर्थक' म्हणून खोडतात आणि पुढे जातात, आम्हीही खोडलं, आमच्या सरांनीही खोडलं होतं. या दोघांनी खोडलं नाही. दोन्ही निम्मी निम्मी घेतली आणि दाखवलं की विश्वात लहरी शोषून घेणारं पुरेसं द्रव्य असेल तर दूरच्या द्रव्याकडून येणाऱ्या उलट्या लहरी हिशेब बरोबर जुळवतात आणि आपल्याला फक्त नेहमीच्या, नंतर येणाऱ्या लहरी दिसतात. फाइनमनने हे प्रिन्स्टनमध्ये पहिल्यांदा मांडलं तेव्हा ऐकायला आइन्स्टाइन आणि पाउली बसले होते, पोराचे पाय लटपटले असणार. पुढे १९४९ मध्ये गणितज्ञ गोडेलने आइन्स्टाइनच्याच समीकरणांतून एक फिरणारं विश्व काढलं, ज्यात पुढे पुढे जात स्वतःच्या भूतकाळात पोचता येतं. म्हणजे परिणाम आधी आणि कारण नंतर ही गोष्ट तेव्हा गंभीर माणसं गंभीर जर्नलमध्ये लिहीत होती. आसिमॉव्हने ते वाचलं होतं असं मी म्हणत नाही, पण त्याची चेष्टा हवेतली नव्हती.

दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर (पाणी घातलं नाही तर) रात्री लिहितो, तेही त्याच दोघांकडे आहे.

उंडगा
बघा. म्हटलं होतं.

कुंपणावरचा
उंडगा, समजा निवांत आलेच नसते तर?

उंडगा
मग मी प्रतिसाद संपादित केला असता. सोपं आहे.

आजोबा_ऑनलाईन
निवांत यांच्या माहितीत एक भर घालतो. व्हीलर-फाइनमनचा हा धागा आपल्या जयंतराव नारळीकरांपर्यंत येतो. फ्रेड हॉईल आणि नारळीकर यांनी १९६३-६४ च्या सुमारास तेच गणित प्रसरण पावणाऱ्या विश्वाला लावून पाहिलं. भविष्यातून येणारा प्रतिसाद बरोबर जुळायचा तर भविष्यातलं विश्व पुरेसं शोषक हवं. त्यांना आढळलं की स्थिरस्थिती विश्वात (जे प्रसरण पावूनही कायम सारखंच दिसतं) हिशेब जुळतो, नेहमीच्या कायम प्रसरणाऱ्या महास्फोटी विश्वात जुळत नाही. स्थिरस्थितीची कल्पना पुढे मागे पडली, पण प्रश्न फार सुंदर होता. आत्ताच्या क्षणी दिवा लावला तर प्रकाश पुढे जाईल की मागे, हे अब्जावधी वर्षांनंतरच्या विश्वावर ठरतं!

टोपणनावावरून आठवलं. मराठी विज्ञान परिषदेच्या १९७४ च्या विज्ञानकथा स्पर्धेत नारळीकरांनी 'कृष्णविवर' कथा 'नारायण विनायक जगताप' या नावाने पाठवली होती, आपल्या नावाचा दबाव परीक्षकांवर येऊ नये म्हणून. आद्याक्षरं तेवढी उलटी केली, ज.वि.ना.ची ना.वि.ज. पहिलं बक्षीस मिळालं. आसिमॉव्हला नाव लपवायचं होतं ते उघडं पडलं, यांचं निकालापर्यंत टिकलं.

आणि ते १.१२ सेकंद आपल्या मापात सांगतो. घटिका म्हणजे २४ मिनिटं, तिचा साठावा भाग पळ म्हणजे २४ सेकंद, त्याचा साठावा भाग विपळ म्हणजे ०.४ सेकंद. तेव्हा थायोटिमोलिन २.८ विपळं आधी विरघळतं. आमच्या लहानपणी गावाकडे लग्नात घटिकापात्र ठेवलेलं मी पाहिलंय, तळाला भोक असलेली तांब्याची वाटी पाण्यात सोडायची, बुडाली की घटिका भरली. आसिमॉव्हची पूड त्या वाटीत टाकली असती तर मुहूर्त २.८ विपळं अलीकडे आला असता आणि भटजींनी दक्षिणा वाढवून मागितली असती.

तिखटजाळ
आजोबा __/\__
२.८ विपळं! हे आसिमॉव्हलाही सुचलं नसतं.

शुभंभवतु
यात हसण्यासारखं काय आहे? आपल्या पूर्वजांनी काळाची इतकी सूक्ष्म मापं केली ती उगाच नाही. कुंडली म्हणजे घटना घडायच्या आधीच तिचं ज्ञान, हे शास्त्र आपल्याकडे होतंच, पाश्चात्यांनी केलं की विज्ञान आणि आपण केलं की अंधश्रद्धा.

आजोबा_ऑनलाईन
मापं उत्तम होती यात वाद नाही, पंचांगाचं गणितही. पण फलिताची परीक्षा पुण्यात २००८ साली खुद्द नारळीकरांनी घेतली होती, सोबत दाभोलकर वगैरे मंडळी होती. शंभर हुशार मुलांच्या आणि शंभर मतिमंद मुलांच्या कुंडल्या जमवल्या, ज्योतिष्यांना प्रत्येकी चाळीस दिल्या आणि विचारलं, कोण कुठल्या गटातलं ते सांगा. सत्तावीस जणांची उत्तरं आली. बरोबर किती? ४६ टक्के. नाणं उडवलं तरी पन्नासच्या आसपास येतात.

शुभंभवतु
त्या चाचणीवर बरेच आक्षेप आहेत. वेगळा धागा काढतो.

रात्रपाळी
काढा काढा. शीर्षक आत्ताच सांगून ठेवा, आम्ही प्रतिसाद आधीच देऊन ठेवतो.

मुक्काम_डोंबिवली
मुद्द्याचं बोला. मला याच्यातून पैसे कसे करायचे ते सांगा. एका पुडीने १.१२ सेकंद मिळतात. पहिली विरघळली की तिच्यावरून दुसरीत पाणी सोडणारं स्वयंचलित उपकरण लावलं, दुसरीवरून तिसरीत, असं साखळीत जोडत गेलं तर? २४ तास म्हणजे ८६,४०० सेकंद, भागिले १.१२, म्हणजे साधारण ७७,१४३ पुड्या. उद्या निफ्टी वर बंद झाला तर पाणी घालायचं, खाली तर नाही, असं मशीनला सांगून ठेवायचं आणि आज शेवटची पुडी बघायची. ब्रोकरेज जाऊन किती उरतील?

सोनचाफा
@मुक्काम_डोंबिवली, ही साखळी आसिमॉव्हने १९६० च्या 'थायोटिमोलिन अँड द स्पेस एज'मध्ये बांधलीये, टेलिक्रॉनिक बॅटरी म्हणतो तो. त्याला उपयोग उपग्रहाचा सुचला. उड्डाण यशस्वी झालं तरच पाणी घालायचं, म्हणजे आदल्या दिवशीच कळतं की उद्या रॉकेट उडेल की नाही. स्पुटनिक नुकताच गेला होता, रशियाशी शर्यत चालू होती, त्या संदर्भात वाचलं की विनोद जास्त लागतो. आणि रशियनांकडे बॅटरी आधी तयार झाली असेल ही भीतीही त्यात आहे.

रात्रपाळी
२४ तास कशाला? हाय फ्रिक्वेन्सी ट्रेडिंगवाल्यांना (कॉम्प्युटरने क्षणार्धात शेअर घेणारे-विकणारे) १.१२ सेकंद दिलेत तर ते तुमच्यासकट डोंबिवली विकत घेतील. तिथे मायक्रोसेकंदासाठी मारामारी असते.

अवांतर: काळाशी खरा खेळ बघायचा तर १९७१ चा हाफेले-कीटिंग प्रयोग. आइन्स्टाइनची सापेक्षता तपासायला चार सीझियमची अणुघड्याळं घेऊन साध्या प्रवासी विमानांनी जगाला फेरी मारली, एकदा पूर्वेला एकदा पश्चिमेला. पूर्वेला गेलेली ५९ नॅनोसेकंद मागे पडली, पश्चिमेला गेलेली २७३ नॅनोसेकंद पुढे गेली. जीपीएसच्या उपग्रहांवरची घड्याळं दिवसाला ३८ मायक्रोसेकंद पुढे पळतात, ती दुरुस्ती केली नाही तर नकाशावरचा ठिपका एका दिवसात किलोमीटरांनी सरकेल. हे सगळं एकाच दिशेला, मागे यायचं तिकीट नाही.

मेथीची_जुडी
मला थायोटिमोलिनवरचा त्याचा १९५३ चा पुढचा लेख जास्त आवडला, सायकियाट्रीवाला. पूड आधी विरघळायला माणसाचा निश्चय लागतो ना, मग उलटं करा, पुडीवरून निश्चय मोजा. कितपत आधी विरघळली त्यावरून माणूस किती ठाम ते कळणार. दुभंग व्यक्तिमत्त्व असेल तर अर्धी पूड आधी विरघळते आणि अर्धी नंतर, कारण त्याच्यातला एक जण पाणी घालणार असतो आणि दुसरा नाही. हे लग्न जमवताना फार उपयोगी आहे. बायोडेटासोबत दोन ग्रॅम मागवायची. आमच्या घरी "उद्यापासून जिम" असं जाहीर झाल्यावर तर पूड आठवडाभर कोरडी राहील.

तिखटजाळ
@मेथीची_जुडी, आणि सासूबाईंसमोर ठेवली तर डबा उघडायच्या आधीच विरघळेल.

कुंपणावरचा
चला, विनोद पुरे. मुक्काम_डोंबिवली यांची बॅटरी बांधली. पूड विरघळली. म्हणजे उद्या मशीन पाणी घालणार. आता मी हातोडा घेऊन मशीन फोडतो. पुढे? इथेच सगळं कोसळतं आणि म्हणूनच मी म्हणतो की यात थिअरी नाही. हॉकिंगने बरं केलं, २८ जून २००९ ला केंब्रिजमध्ये टाइम ट्रॅव्हलर्ससाठी पार्टी ठेवली, शॅम्पेन मांडली आणि निमंत्रणं नंतर जाहीर केली. कोणी आलं नाही. विषय संपला.

उंडगा
निमंत्रणात अहेर आणू नये असं लिहिलं नसेल.

सोनचाफा
आसिमॉव्हने याचंही उत्तर दिलंय. विरघळल्यावर पाणी घालायचं नाही असं ठरवलंत तरी पाणी येतंच. पाइप फुटेल, वादळ येईल, पूर येईल, पण पुडीपर्यंत पाणी पोचणार. तिला फसवता येत नाही.

तिखटजाळ
थांबा थांबा थांबा. मग मराठवाड्यात गावोगावी बॅटऱ्या बसवा ना! विरघळल्या की सगळ्या गावाने शपथ घ्यायची, काहीही झालं तरी पाणी घालणार नाही. पाऊस येतोच. विमानातून ढगांवर मीठ मारण्यापेक्षा स्वस्त पडेल.

मुक्काम_डोंबिवली
टेंडर निघेल. पूड कागदावर विरघळेल. बिल १.१२ सेकंद आधी पास होईल.

निवांत
रात्र झाली, आलो. कुंपणावरचा यांचा हातोडा घेऊ.

व्हीलर-फाइनमन यांनी १९४९ च्या पुढच्या पेपरमध्ये अगदी हाच पेच घेतलाय. थोडक्यात मांडणी अशी: एक छर्रा येऊन एका कणाला धडकणार आहे. त्या धक्क्याचा परिणाम उलट्या लहरींमुळे आधीच पोचतो आणि एक झडप पाडतो. झडप छर्ऱ्याची वाट अडवते. मग धडक होत नाही. धडक नाही तर झडप का पडली? झडप पडली नाही तर धडक होते. तुमचा हातोडा म्हणजे ही झडप.

त्यांचं उत्तर असं की निसर्गात 'पडली' आणि 'नाही पडली' असे दोनच पर्याय नसतात. झडप अर्धवट येते, छर्रा तिच्या कडेला घासून जातो, त्यामुळे कणावर पूर्ण धडकेऐवजी निसटता धक्का बसतो, आणि निसटता धक्का बसल्यामुळेच झडप अर्धवट आलेली असते. वर्तुळ बंद. परिणाम कारणावर सलगपणे अवलंबून असेल तर असा एक मधला बिंदू सापडतो जिथे सगळं एकमेकांशी जुळतं.

आता आसिमॉव्हचा मूळ लेख बघा. डळमळीत हाताने प्रयोग केला तर पूड १.१२ ऐवजी कमी कमी होत शून्य सेकंद आधी विरघळते. म्हणजे त्याने हे मधले बिंदू मोकळे ठेवलेत! एक वर्ष आधी, चेष्टेत. पूर आणि वादळाचं १९६० चं उत्तर करमणुकीला छान आहे, पण १९४८ चं हे डळमळणं माझ्या मते जास्त खोल आहे.

बुडबुडा
वा! याच्यासाठीच धागा काढला होता. पण एक शंका. छर्रा घासून जाऊ शकतो हे पटलं. मेथीची_जुडी म्हणतात तशी अर्धी पूड विरघळणं हेही पटतं. पण मशीनला एकच नियम दिला, दाणाभरही पूड विरघळलेली दिसली तर पाणी अजिबात सोडायचं नाही, नाहीतर सगळं सोडायचं. मधलं काही ठेवलंच नाही. मग निसटता धक्का कुठून आणायचा?

निवांत
तुमचा सेन्सर उंबरठ्यावर अडकेल. 'दिसली' आणि 'नाही दिसली' यांच्या मध्ये एक बारीक पट्टा असतोच, कुठल्याही उपकरणाला असतो, आणि तुम्ही जितकी कडक मशीन बनवाल तितकी ती नेमकी त्या पट्ट्यात लटकून राहील. व्हॉल्व्ह थरथरत राहणार. पूर्णपणे हो-नाही असलेली यंत्रणा बनवता आली तर मात्र हे उत्तर चालत नाही, ते मान्य.

कुंपणावरचा
म्हणजे 'थिअरी आहे, फक्त हो-नाहीचा प्रश्न विचारू नका.' हे आमच्या सोसायटीच्या सेक्रेटरीचं उत्तर झालं. निवांत, १९४९ चा पेपर वाचतो, पण आसिमॉव्हला त्याचं श्रेय देणार नाही. डळमळणं त्याने हशासाठी घातलं होतं.

निवांत
श्रेय नका देऊ. त्या पेपरात छर्ऱ्याचं चित्रही आहे, आधी ते बघा.

रात्रपाळी
हे सगळं वाचायला कुठे मिळेल? अस्टाउंडिंगचा ४८ चा अंक काही रद्दीत सापडणार नाही.

सोनचाफा
पहिला लेख 'द अर्ली आसिमॉव्ह'मध्ये आहे, त्याच्यासोबत व्हायवाची हकीकतही. पहिला आणि ५३ चा एकत्र हवे असतील तर 'ओन्ली अ ट्रिलियन', १९५७ चं पुस्तक. १९६० चा 'ओपस १००'मध्ये मिळेल. १९७३ साली चौथा प्रकार लिहिला, 'थायोटिमोलिन टू द स्टार्स', तो मात्र सरळ भाषणाच्या रूपातली गोष्ट आहे, तक्ते नाहीत, आलेख नाहीत, मला तितका भावला नाही. आधी ४८ चाच वाचा, आणि तक्ते गाळू नका, खरी मजा तक्त्यांत आहे.